फेडरल डिस्ट्रिक्ट जज दिवसभर करतो तरी काय?

प्रश्न असा आहे: "मुलीने अमेरिकेत कायद्याची पदवी घेतली. आता तिला तिथल्या एका फेडरल डिस्ट्रिक्ट जजकडे वर्षभरासाठी 'लॉ क्लर्क' म्हणून काम मिळालंय. एवढं शिकून क्लर्क? आणि हा जज म्हणजे आपल्याकडचा जिल्हा न्यायाधीशच का? त्याची नेमणूक कशी होते, काम काय असतं, पगार किती, निवृत्ती कधी?"

आधी 'क्लर्क'ची धास्ती काढून टाका. हा कारकून नव्हे. फेडरल जजच्या दालनाला चेंबर्स म्हणतात आणि तिथला गोतावळा अगदी लहान असतो: दोन लॉ क्लर्क आणि एक सचिव, किंवा सचिव न ठेवता तीन लॉ क्लर्क. बाहेर कोर्टरूम डेप्युटी असते, तिच्याकडे बोर्ड, म्हणजे दाव्यांची यादी, आणि तारखा. शब्दन् शब्द टिपायला कोर्ट रिपोर्टर. पक्षकारांचे अर्ज वाचणं, कायदा शोधणं, जजसाठी टिपण काढणं आणि आदेशाचा कच्चा मसुदा लिहिणं हे तुमच्या मुलीचं काम. निर्णय जजचा, पण कच्च्या मसुद्यातली चूक शोधायला दालनात दुसरं फारसं कोणी नसतं, म्हणून जबाबदारी मोठी. वर्ष संपल्यावर बड्या फर्म या अनुभवासाठी वेगळा बोनस देऊन अशा मुलांना घेतात. एकच गोष्ट आधी तपासून घ्या: ही केंद्र सरकारची पगारी नोकरी आहे आणि नागरिक नसलेल्यांना तो पगार देण्यावर कायद्याची बंधनं आहेत. ग्रीन कार्ड असून नागरिकत्वाच्या वाटेवर असलेल्यांना काही अटींवर चालतं, विद्यार्थी व्हिसावर सहसा नाही.

आता 'डिस्ट्रिक्ट'. अमेरिकेत दोन न्यायव्यवस्था शेजारी शेजारी चालतात. घटस्फोट, भाडेकरूंचे वाद, रस्त्यावरचे अपघात, बहुतेक खून-चोऱ्या हे राज्यांच्या कोर्टांत. फेडरल कोर्टात येतात ते केंद्राच्या कायद्यांखालचे दावे, राज्यघटनेचे प्रश्न, पेटंट, केंद्रीय गुन्हे आणि वेगवेगळ्या राज्यांतल्या पक्षकारांमधले ७५ हजार डॉलरच्या वरचे वाद. त्यासाठी देशाचे ९४ डिस्ट्रिक्ट पाडले आहेत. कॅलिफोर्निया, टेक्सास, न्यूयॉर्क यांच्या वाट्याला प्रत्येकी चार, लहान राज्याला एक. सगळीकडची मिळून पावणेसातशेच्या आसपास पदं. नाव ऐकून साताऱ्याचं किंवा सांगलीचं जिल्हा न्यायालय डोळ्यांपुढे येतं खरं, पण अधिकाराच्या दृष्टीने तुलना करायचीच तर मुंबई उच्च न्यायालयाच्या ओरिजिनल साइडला एकट्याने दावा चालवणाऱ्या न्यायमूर्तींशी करा. तीही पुरती जुळत नाही, कारण तिकडे तोच जज सकाळी पेटंटचा दावा ऐकतो आणि दुपारी अमली पदार्थांच्या आरोपीला शिक्षा सुनावतो.

शिडीही वेगळी आहे. आपल्याकडे एमपीएससीची परीक्षा देऊन कनिष्ठ स्तरापासून चढत जातात, किंवा सात वर्षांच्या वकिलीनंतर थेट जिल्हा न्यायाधीशाच्या परीक्षेला बसतात. तिकडे परीक्षा नाही आणि ठरलेली बढतीही नाही. काही थोडे वरच्या, अपिलं ऐकणाऱ्या सर्किट कोर्टात जातात. बाकीचे ज्या खुर्चीवर बसले तिथूनच उठतात. त्याच इमारतीत मॅजिस्ट्रेट जजही भेटतील. त्यांना डिस्ट्रिक्ट जजच आठ वर्षांसाठी नेमतात. अटकेनंतरची पहिली हजेरी, जामीन, झडतीचे वॉरंट, कागदपत्रांवरून वकिलांची होणारी भांडणं हे त्यांच्याकडे. दोन्ही पक्षांनी संमती दिली तर अख्खा दिवाणी दावासुद्धा ते चालवतात. दिवाळखोरीच्या जजची मुदत १४ वर्षांची. तहहयात नेमणूक या तिघांपैकी फक्त डिस्ट्रिक्ट जजची.

या नेमणुकीसाठी राज्यघटनेत वयाची अट नाही, नागरिकत्वाची नाही, इतकंच काय, कायद्याच्या पदवीचीही नाही. प्रत्यक्षात मात्र येतात ते सरकारी वकील, राज्याच्या कोर्टातले जज, मॅजिस्ट्रेट जज किंवा मोठ्या फर्ममधले भागीदार. नाव राष्ट्राध्यक्ष सुचवतात, मंजुरी सिनेट देते. खरी चाळणी त्याच्या आधी लागते. त्या राज्याच्या दोन सिनेटरांच्या समित्या मुलाखती घेतात, एफबीआय शेजाऱ्यापाजाऱ्यांपर्यंत चौकशी करते, अमेरिकन बार असोसिएशन ही वकिलांची संघटना 'सुयोग्य', 'योग्य' किंवा 'अयोग्य' असा शेरा देत आली आहे. सिनेटच्या प्रश्नावलीत आजवरचं प्रत्येक लेखन, प्रत्येक भाषण आणि लढवलेले दहा सर्वांत महत्त्वाचे खटले मागतात. कॉलेजात असताना लिहिलेला एखादा तिखट लेख प्रश्नावलीत टाकायचा राहून गेला आणि कोणाला सापडला, तर त्यातल्या मतापेक्षा तो दडवल्याचा आरोप जड जातो.

स्वतःच्या राज्याच्या सिनेटरने 'ब्लू स्लिप' नावाचा संमतीचा निळा कागद परत पाठवला नाही की डिस्ट्रिक्ट जजचं नाव सिनेटच्या समितीतच अडकतं. हा कायदा नाही, नुसता प्रघात आहे, तरी तो आजही पाळतात. सर्किटच्या जजांसाठी मात्र तो मोडीत निघाला. एकदा समितीतून नाव बाहेर पडलं की वाट सोपी: २०१३ पासून साधं बहुमत पुरतं आणि २०१९ पासून चर्चा थांबवण्याचं मतदान झाल्यावर फक्त दोन तास उरतात. अधिवेशन संपेपर्यंत मत झालं नाही तर नाव राष्ट्राध्यक्षांकडे परत जातं आणि सगळं पहिल्यापासून. या मधल्या महिन्यांत खाजगी वकिलाची खरी कोंडी होते. नवे अशील घेता येत नाहीत, जुने पांगायला लागतात, आणि नेमणूक होईलच याची हमी कुणी देत नाही.

शपथ झाल्यावर पहिल्याच आठवड्यात दोनतीनशे दावे अंगावर येतात. नवे दावे सोडत काढून वाटले जातात, पण नव्या जजसाठी जुन्या सहकाऱ्यांच्या बोर्डावरून काही हलवतात. नियमाप्रमाणे हेही सोडतीने व्हायला हवं. तरी वर्षानुवर्षं कुजलेली, कोणालाच नको असलेली प्रकरणं नव्याच्या वाट्याला कशी येतात हे प्रत्येक कोर्टातलं उघड गुपित आहे. फेडरल ज्युडिशियल सेंटर, म्हणजे १९६७ साली स्थापन झालेली जजांची प्रशिक्षण संस्था, नव्यांसाठी वर्ग घेते. त्याला सगळे प्रेमाने 'बेबी जज स्कूल' म्हणतात. दिवाणी वकिलीत आयुष्य गेलेल्या माणसाला तिथे पहिल्यांदा शिक्षेचा तक्ता वाचायला शिकवतात.

तुमच्या मूळ प्रश्नाचं उत्तर इथे सुरू होतं. 'ट्रायल जज' असं नाव असलं तरी या माणसाचा फार थोडा वेळ ट्रायलमध्ये जातो. शंभर दिवाणी दाव्यांत जेमतेम एखादा ज्युरीपुढे जातो. फौजदारीत दर शंभरातले नव्वदच्या आसपास आरोपी गुन्हा कबूल करतात आणि खटला पुरा चालतो तो दोनेक जणांचा. बाकीचा सगळा वेळ वाचणं, लिहिणं आणि तारखा सांभाळणं. माझ्या मते या पदाची खरी सत्ता हातोड्यात नाही, कॅलेंडरात आहे.

एक साधा दिवाणी दावा घ्या. दाखल झाल्यापासून ९० दिवसांत प्रतिवादीला समन्स पोचलं पाहिजे. त्यानंतर जज 'शेड्युलिंग ऑर्डर' काढतात. प्रतिवादीवर बजावणी होऊन ९० दिवस किंवा त्याने हजेरी लावून ६० दिवस, यांतलं जे आधी येईल त्याच्या आत. कागदपत्रं कधीपर्यंत द्यायची, तज्ज्ञांचे अहवाल कधी, अर्ज कधी, ट्रायल कधी, सगळं त्या दोनतीन पानांत. नियमाने प्रत्येक पक्षाला दहा साक्षीदारांच्या तोंडी जबान्या घेता येतात, प्रत्येकी सात तास, आणि लेखी प्रश्न २५. जास्त हवे असतील तर जजची परवानगी लागते. एकदा आदेश निघाला की तारीख बदलायला सबळ कारण दाखवावं लागतं. 'वकील दुसऱ्या कोर्टात आहेत' एवढ्यावर भागत नाही. जे जज ट्रायलची तारीख पक्की ठेवतात, त्यांच्याकडचे दावे त्या तारखेच्या आधीच्या दोन आठवड्यांत भराभर मिटतात. जे सैल सोडतात, त्यांच्याकडे दोन्ही बाजूंचे वकील जबान्या घेत बसतात आणि खर्चाचा आकडा दाव्याच्या रकमेपुढे जातो. तारखांवर तारखा हे दुखणं काही आपल्यापुरतंच नाही.

मधला सर्वांत मोठा टप्पा 'समरी जजमेंट'. वस्तुस्थितीबद्दल खरा वादच नाही, तेव्हा ट्रायलशिवाय निकाल द्या, असा हा अर्ज. सोबत हजार-दोन हजार पानांची जोडपत्रं. इथेच लॉ क्लर्कच्या रात्री जातात. नवशिक्या मसुद्यात हमखास होणारी चूक म्हणजे दोन साक्षीदारांपैकी कोण खरं बोलतो हे ठरवून टाकणं. तो अधिकार ज्युरीचा. जजने या टप्प्यावर अर्जाला विरोध करणाऱ्याच्या बाजूनेच पुरावा वाचायचा असतो. ते चुकलं की अपिलात दावा परत येतो.

जजला बढती नाही, वार्षिक मूल्यमापन नाही, वरिष्ठांचा शेरा नाही. मग वेळेत काम करून कोण घेतं? एक यादी. १९९० च्या कायद्याप्रमाणे दर ३१ मार्च आणि ३० सप्टेंबरला सहा महिन्यांहून जास्त पडून असलेले अर्ज आणि तीन वर्षांहून जुने दावे जजच्या नावासकट जाहीर होतात. दंड नाही, शिक्षा नाही, फक्त नाव छापून येतं. आणि तेवढंच पुरतं. अर्जाची मुदत दाखल झाल्यानंतर ३० दिवसांनी मोजायला लागतात, म्हणजे प्रत्यक्षात सात महिने मिळतात. तरीही या दोन तारखांच्या आधीच्या आठवड्यांत देशभर आदेशांचा पाऊस पडतो. मुलीला सांगा, गुढीपाडव्याला घरी यायचं तिकीट काढण्याआधी दालनात किती अर्ज तुंबलेत ते बघ. काही ठिकाणी पळवाटही काढतात: 'पुन्हा दाखल करण्याची मुभा ठेवून' अर्ज निकाली. यादी स्वच्छ होते, पक्षकाराचा खर्च दुप्पट होतो.

फौजदारीत घड्याळ आणखी कडक. १९७४ च्या स्पीडी ट्रायल कायद्याने अटकेपासून ३० दिवसांत आरोपपत्र आणि आरोपपत्र किंवा पहिली हजेरी, यांतल्या नंतरच्या दिवसापासून ७० दिवसांत खटला. अर्ज प्रलंबित असलेले दिवस वगळतात. न्यायाच्या हितासाठी म्हणून मुदत वाढवता येते, पण कारणं नोंदवावी लागतात. आरोपीने 'माझी हरकत नाही' असं आगाऊ लिहून दिलं तरी चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली स्पष्ट केलं. कारणं नोंदवायची राहून गेली की आरोपपत्र रद्द, तेही केवळ कारकुनी ढिलाईपायी.

गुन्ह्याची कबुली अर्ध्या-पाऊण तासात उरकते, पण ठरलेल्या क्रमाने. आरोपीला शपथ देऊन विचारतात: औषध किंवा दारूच्या अमलाखाली आहात का, कोणी धमकावलं का, ज्युरीचा हक्क सोडताय हे कळतंय का, जास्तीत जास्त शिक्षा किती ते माहीत आहे का. नागरिक नसलेल्याला हद्दपारी होऊ शकते हेही सांगावंच लागतं. व्हिसावर असलेल्या आपल्या मुलांनी हे वाक्य दोनदा ऐकावं. वकिलांमधल्या सौदेबाजीत जजने तोंड घालायचं नाही, हा नियम पक्का.

शिक्षा ठरवणं हे या नोकरीतलं सर्वांत जड काम, असं जवळजवळ प्रत्येक जज सांगतो. प्रोबेशन अधिकारी आरोपीचं घर, शिक्षण, व्यसनं, आधीचे गुन्हे यांचा अहवाल करतो. तो सुनावणीच्या किमान ३५ दिवस आधी दोन्ही बाजूंना मिळतो, हरकतींना १४ दिवस, आणि अंतिम अहवाल सात दिवस आधी. मग तक्ता: उभ्या बाजूला गुन्ह्याच्या गांभीर्याच्या ४३ पायऱ्या, आडव्या बाजूला पूर्वेतिहासाचे सहा रकाने, आणि दोन्ही मिळतात तिथे महिन्यांचा पल्ला. १९८७ पासून हा तक्ता बंधनकारक होता. सर्वोच्च न्यायालयाच्या २००५ च्या बुकर निकालाने तो सल्ल्यापुरता उरला. पण आकडेमोड अचूक करावीच लागते; पुढे हवं तर कारणं देऊन बाजूला जा. कायद्यातच किमान शिक्षा असेल, उदाहरणार्थ पाच किलो कोकेनला दहा वर्षं, तर मोजके अपवाद वगळता जजचे हात बांधलेले. फेडरल व्यवस्थेत नव्या कैद्यांना पॅरोल नाही. चांगल्या वागणुकीची सूट वर्षाला जास्तीत जास्त ५४ दिवस. म्हणजे दहा वर्षं सांगितली तर ही सूट पूर्ण मिळूनही साडेआठ वर्षं उरतात.

इथे होणाऱ्या चुका ठरलेल्या आहेत. शिक्षा सुनावण्याआधी आरोपीला स्वतः बोलायची संधी द्यायची राहते. सुटकेनंतरच्या देखरेखीच्या खास अटी लेखी निकालात येतात, पण कोर्टात तोंडी सांगितलेल्या नसतात. हरकतीवर निर्णयच दिला जात नाही. आणि चूक उमगली तरी हिशोबाची उघड चूक सुधारायला फक्त १४ दिवस मिळतात. त्यानंतर जजला स्वतःचा आदेशही सहजासहजी बदलता येत नाही.

खटला पुरा चाललाच तर ज्युरी. आपल्याला ज्युरी आठवते ती नानावटी खटल्यातली, १९५९ सालची, ८ विरुद्ध १. फेडरल कोर्टात असा बहुमताचा निकाल चालत नाही: फौजदारीत १२ जण आणि एकमत हवंच, दिवाणीत किमान सहा जण आणि पक्षकारांनी वेगळं मान्य केलं नसेल तर एकमतच. गंभीर गुन्ह्यात कारण न देता वगळण्याचे हक्क सरकारला सहा आणि बचावाला दहा, दिवाणीत तीन-तीन. मात्र १९८६ च्या बॅटसन निकालापासून वंशावरून कोणाला वगळता येत नाही. समोरच्याने हरकत घेतली की जजने तिथल्या तिथे वकिलाचं कारण खरं की बनावट हे ठरवायचं. ज्युरीला दिवसाला ५० डॉलर मिळतात, म्हणून जज त्यांचा वेळ जपतात: वकिलांची भांडणं सकाळी ज्युरी यायच्या आधी किंवा संध्याकाळी ती गेल्यावर.

कधी कधी दुपारी चारला तातडीचा अर्ज येतो आणि दिवसाचं नियोजन कोलमडतं. तात्पुरता मनाई आदेश १४ दिवस टिकतो, सबळ कारणाने आणखी तेवढाच वाढतो. एका डिस्ट्रिक्ट जजने सरकारचं धोरण देशभर सगळ्यांपुरतं रोखायचं, हे जून २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बरंचसं बंद केलं. तेव्हापासून अशा वादांत सामूहिक दाव्यांचा मार्ग जास्त चोखाळला जातो.

पैशांचं बोलायचं तर २०२५ मध्ये पगार वर्षाला २,४७,४०० डॉलर. ऐकायला भरपूर, पण न्यूयॉर्कच्या बड्या फर्ममध्ये नुकत्याच पास झालेल्या वकिलाची सुरुवातच २,२५,००० ला होते. तुमची मुलगी क्लर्कशिप संपवून तिकडे गेली तर बोनस धरून पहिल्याच वर्षी तिच्या जजच्या पुढे जाईल. जजला वकिली बंद, राजकारण बंद, निधी गोळा करणं बंद. परवानगीने शिकवता येतं, त्याचीही कमाई वर्षाला तीसेक हजारांच्या थोडी वर गेली की थांबायचं. पक्षकार कंपनीचा एक शेअर जरी जजच्या किंवा जोडीदाराच्या नावावर असला तरी दावा सोडावा लागतो. म्युच्युअल फंडाला सूट आहे. हे किती ढिलं चाललं होतं ते २०२१ साली वॉल स्ट्रीट जर्नलने दाखवलं: १३१ जज, ६८५ दावे. पुढच्याच वर्षी कायदा होऊन जजांच्या मालमत्तेचे तपशील सगळ्यांना ऑनलाइन पाहता येऊ लागले, आणि शेअर विकले-घेतले की ४५ दिवसांत कळवायचं बंधन आलं. शहाणे जज शपथेआधीच सगळे शेअर विकून फंडात टाकतात.

धोक्याबद्दल घरी बोललेलं बरं. २०२० च्या जुलैमध्ये न्यू जर्सीच्या जज एस्थर सालस यांच्या घरी आलेल्या एका वकिलाने त्यांच्या वीस वर्षांच्या मुलाला, डॅनियलला, गोळ्या घालून मारलं. पती जबर जखमी झाले. डॅनियलच्या नावाने २०२२ अखेर झालेल्या कायद्यामुळे जजांचे घरचे पत्ते इंटरनेटवरून काढायला लावता येतात. दालनातल्या क्लर्कनीही जजचं घर, मुलांची शाळा, प्रवासाचे बेत यांचा फोटो किंवा उल्लेख कुठेही टाकू नये.

आता निवृत्ती. सक्तीचं वय नाही. काढायचं तर कनिष्ठ सभागृहात महाभियोग आणि सिनेटमध्ये दोन तृतीयांश मतं लागतात. सगळ्या इतिहासात असे फक्त आठ फेडरल जज गेले, शेवटचा २०१० मध्ये. स्वतः थांबायचं असेल तर ८० चा हिशोब: वय किमान ६५, सेवा किमान १० वर्षं आणि दोन्हींची बेरीज ८०. पन्नाशीत नेमणूक झाली तर ६५ ला सुटका, ५८ ला झाली तर ६९ ला. ती गाठली की पगाराएवढी रक्कम आयुष्यभर. आजारपणामुळे सोडावं लागलं तर गोष्ट वेगळी, एरवी एक दिवस आधी राजीनामा दिला तर काही नाही.

बहुतेक जण पूर्ण थांबत नाहीत, 'सिनिअर स्टेटस' घेतात. जागा रिकामी होते, तिथे नवा जज येतो, आणि जुने जज आपलं दालन व क्लर्क ठेवून हवं तेवढंच काम करतात. साधारण पाव भाग केलं तरी नियमात बसतं. कॅन्ससचे वेस्ली ब्राउन १९६२ साली नेमले गेले आणि १०४ व्या वर्षी, २०१२ मध्ये, वारले तेव्हाही पदावर होते. मुलीच्या जजच्या नावापुढे 'सिनिअर' लिहिलेलं असेल तर ते कोणते दावे घेतात हे तिने आधीच विचारून घ्यावं. कित्येक सिनिअर जज फौजदारी घेत नाहीत, आणि मग वर्षभरात एकही शिक्षेची सुनावणी तिच्या दालनाकडे येणार नाही. तसं असेल तर शेजारच्या जजच्या कोर्टरूममध्ये मागच्या बाकावर जाऊन बसावं. सुनावणी उघड्या कोर्टात असते, फक्त आपल्या जजला सांगून जायचं.